मधले नाव

महाराष्ट्र शासनाने मार्च २०२४ मध्ये घेतलेल्या निर्णयानुसार १ मे २०२४ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्या बालकाचे नाव शासकीय कागदपत्रांत बालकाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव या क्रमाने नोंदवणे बंधनकारक झाले आहे. ज्या जागेला मराठीत ‘मधले नाव’ म्हणतात आणि जेथे आजवर वडील एकटेच बसत असत, तेथे आता त्यांच्या आधी आई बसते, आणि हे फार पूर्वीच व्हायला हवे होते याविषयी दुमत असण्याचे कारण नाही. या निर्णयाने जो एक पेच उभा केला तो मात्र निर्णय घेणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर बहुधा नसावा. आज माता होत असलेल्या स्त्रियांपैकी अनेकींचा जन्म १९९० नंतरच्या दहा-पंधरा वर्षांतला आहे, आणि त्या काळात पश्चिम महाराष्ट्राच्या खेड्यांत दुसऱ्या, तिसऱ्या किंवा चौथ्या मुलीचे नाव नकुसा, नकुशी किंवा नकोशी ठेवण्याची रीत पुरती ओसरलेली नव्हती. ‘नको असलेली’ हा या नावाचा उघड अर्थ असून, असे नाव ठेवले की पाठीवर मुलगा होतो, ही त्यामागची समजूत. सातारा जिल्ह्यात ऑक्टोबर २०११ मध्ये प्रशासनाच्या पुढाकाराने अशा २८५ मुलींना एकाच समारंभात नवी नावे देण्यात आली आणि त्या बातमीने जगभरची वृत्तपत्रे गाठली. पण त्या यादीत जिचे नाव आले नाही ती नकुसा शाळेत गेली, मोठी झाली, सासरी गेली, आणि आता तिच्या बाळाच्या नावात तिचे नाव कायमचे बसणार आहे.

पुढील संवाद कल्पित असून तो सोलापूर जिल्ह्यातील माढा तालुक्यात, मोडनिंब येथे घडतो असे मानले आहे. बोलणारे दोघे आहेत. एक प्राथमिक शाळेतून निवृत्त झालेले वारकरी शिक्षक, ज्यांना गाव गुरुजी म्हणते, आणि दुसऱ्या, जन्म-मृत्यूची नोंद ठेवणाऱ्या ग्रामसेविका, ज्यांना गाव मॅडम म्हणते. (त्यांच्या पदाचे नाव शासनाने अलीकडेच ‘ग्रामपंचायत अधिकारी’ असे बदलले आहे, गावाने अद्याप त्याची दखल घेतलेली नाही.) नावांविषयीच्या संवादात दोन्ही पात्रांना नाव नसावे हे विचित्र वाटेल, पण गावातही त्यांना नावाने कोणी हाक मारीत नाही. प्रश्न असा आहे की गावातील एक लेक पहिल्या बाळंतपणासाठी माहेरी आलेली आहे, बाळ गावातच जन्मले आहे, शाळेच्या दाखल्यावर आणि आधार कार्डावर तिचे नाव नकुसा आहे, आणि नोंदीचा अर्ज मॅडमच्या टेबलावर आहे. तिच्या बाळाच्या नावात नकुसा लिहावे, की आधी तिचे नाव राजपत्रातून, म्हणजे शासनाच्या गॅझेटातून, बदलून घेण्यास तिला सांगावे?

गुरुजींचा पक्ष असा की जे आहे ते लिहावे. त्यांच्या मते नावाला अर्थ असतो असे म्हणणेच मुळात भाषेविषयीचा एक गैरसमज आहे, आणि या मताला शास्त्राचा आधार नाही असे कोणी म्हणू नये. पतंजलीने महाभाष्यात शब्दांचे चार प्रकार सांगितले आहेत: ‘गाय’ यासारखा जातीवरून आलेला, ‘पांढरा’ यासारखा गुणावरून आलेला, ‘चालणारा’ यासारखा क्रियेवरून आलेला, आणि चौथा यदृच्छाशब्द, म्हणजे कोणाच्या तरी इच्छेने एखाद्याला चिकटवलेला शब्द. या चौथ्या प्रकाराचे उदाहरण म्हणून वैयाकरणांनी ‘डित्थ’ हे ज्याला काहीच अर्थ नाही असे नाव घेतले, आणि ते मुद्दाम घेतले, कारण नावाचे काम अर्थाविना चालते हे दाखवायचे होते. पुढच्या शास्त्रकारांनी योग आणि रूढी असा भेद केला. शब्दाच्या घटकांवरून निघणारा अर्थ म्हणजे योग, आणि वापराने पक्का झालेला अर्थ म्हणजे रूढी. दोहोंचा विरोध आला की रूढी जिंकते. युरोपातही जॉन स्टुअर्ट मिलने १८४३ च्या आपल्या तर्कशास्त्रावरील ग्रंथात हेच सांगितले. डार्टमथ हे गाव डार्ट नदीच्या मुखाशी आहे म्हणून त्याला ते नाव पडले, परंतु उद्या नदीने पात्र बदलले तरी गावाचे नाव बदलण्याचे कारण नाही, कारण विशेषनाम वस्तूकडे बोट दाखवते, वस्तूविषयी काही सांगत नाही.

“डार्टमथला जायला नको,” गुरुजी म्हणतात. “टेंभुर्णीच्या स्टँडवर उतरणारा माणूस टेंभुर्णीचे झाड शोधतो का? आपल्या गावाच्या नावात निंब ऐकू येतो. तो कोणता निंब आणि मोड कसला, हे ठाऊक नसतानाही कुर्डुवाडीहून पंढरपूरला जाणारा बरोबर मोडनिंब ओळखतो. तुम्हांला गाव मॅडम म्हणते. तो मूळचा फ्रेंच शब्द असून त्याचा अर्थ ‘माझी स्वामिनी’ असा आहे, हे गावाला कळले तर गाव उद्यापासून वेगळी हाक मारील.”

मॅडमचे पहिले उत्तर शास्त्रात शिरत नाही. त्या विचारतात की या मुलीचे नाव शाळेच्या जनरल रजिस्टरात कोणी लिहिले होते. ते गुरुजींनीच लिहिले होते. पहिलीच्या वर्गात मूल अक्षरे शिकते तेव्हा पाटीवर सर्वांत आधी जे शब्द सलग लिहिते त्यांत त्याचे स्वतःचे नाव असते, आणि शिक्षक नंतर त्याला प्रत्येक शब्दाचा अर्थ विचारण्याची सवय लावतो. “चाळीस मुलांना ‘अर्थ सांगा’ म्हणण्याचा पगार घेतला, गुरुजी, आणि एकीला तेवढे सांगायचे की तुझ्या शब्दाला अर्थ नसतो?” टेंभुर्णी हे गाव आहे आणि गावाला स्वतःचे नाव ऐकू येत नाही, मिलच्या नदीलाही ते ऐकू येत नव्हते. माणसाचे विशेषनाम आणि गावाचे विशेषनाम यांत हा एक फरक आहे, आणि तर्कशास्त्रात त्याला जागा नाही.

हा आक्षेप वाटतो तितका भावनिक नाही. प्लेटोच्या ‘क्रॅटिलस’ या संवादातही असाच तंटा आहे: हर्मोजिनीस म्हणतो नाव संकेताने ठरते, क्रॅटिलस म्हणतो ते वस्तूच्या स्वभावाने ठरते, आणि सॉक्रेटिस दोघांनाही अडचणीत आणून प्रश्न सोडून देतो. मात्र त्या संवादातले तिघेही नाव ठेवणाऱ्याच्या आणि वापरणाऱ्याच्या बाजूने बोलतात. ज्याला हाक मारली जाते त्याच्या कानाचा विचार तेथे फारसा नाही. मॅडमचा मुद्दा नेमका त्या कानाचा आहे.

गुरुजी मग दुसरीकडून येतात. अशुभ अर्थाची नावे ठेवणे हा तिरस्काराचा नव्हे, तर मायेचा जुना प्रकार आहे, असे ते म्हणतात, आणि त्यांच्या या म्हणण्यात पुष्कळ तथ्य आहे. ज्या घरात मुले जगत नसत तेथे पुढच्या मुलाला दगडू, धोंडू, केरबा, कचरू, भिकू किंवा उकिर्डा असे नाव देत, क्वचित त्याला उकिरड्यावर ठेवून पुन्हा उचलून आणीत, की यमाला वाटावे हे टाकाऊ आहे, याला न्यायचे कशाला. मुलाचे नाक टोचून त्याला मुलगी भासवायचे आणि नथू म्हणायचे, हीही त्याच युक्तीची एक तऱ्हा. ही समजूत केवळ मराठी नाही. मंगोलियात वारंवार मुले दगावलेल्या घरी ‘नेर्ग्वी’, म्हणजे ‘नाव नसलेला’, किंवा ‘एनेबिश’, म्हणजे ‘हा तो नव्हे’, अशी नावे देत, जेणेकरून शोधत आलेले भूत गोंधळून परत जावे. चीनच्या खेड्यांत ‘कुत्र्याने टाकलेले उष्टे’ अशा अर्थाचे नाव मुलाला लाडाने दिले जाई. पश्चिम आफ्रिकेतील योरुबा लोकांत पुन्हा पुन्हा जन्मून मरणाऱ्या मुलाला ‘आबिकू’ म्हणतात आणि त्याने थांबावे म्हणून त्याला विनवणारी वा धमकावणारी नावे देतात. ‘कोसोको’ म्हणजे ‘कुदळ उरलेली नाही’, अर्थात तुला पुरण्यासाठी आता खड्डा खणता येणार नाही, आणि या नावाचा एक राजा एकोणिसाव्या शतकात लागोसच्या गादीवर बसला. मग महाराष्ट्रात पाहावे. स्त्रियांसाठी १९१६ मध्ये विद्यापीठ काढणाऱ्या आणि १९५८ मध्ये भारतरत्न मिळवणाऱ्या महर्षींचे नाव धोंडो होते. डेबूजी जानोरकरांना लोक गाडगेबाबा म्हणू लागले ते हातातल्या मडक्याच्या खापरावरून. ते नाव उच्चारताना कोणाच्या डोळ्यांपुढे खापर येते?

“धोंडो म्हणताना जर धोंडा ऐकू येत नसेल,” गुरुजी विचारतात, “तर नकुसा म्हणताना नकार का ऐकू यावा?”

या ठिकाणी वाचकाची सहानुभूती गुरुजींकडे झुकणे स्वाभाविक आहे, आणि प्रस्तुत लेखनाचाही कल आरंभी तोच होता. मॅडमचे उत्तर मात्र असे आहे की त्यानंतर हा कल तसाच ठेवणे अवघड होते.

“धोंडू हे नाव खोटे असते, गुरुजी. आईबापांना पोर सोन्यासारखे वाटते आणि ती यमाला सांगतात की हा धोंडा आहे. ती लबाडी आहे, आणि लबाडी असल्यामुळेच ती माया आहे. नकुसा या नावात लबाडी कुठे आहे? तेथे आईबाप खरे बोलतात.”

दोन्ही नावे वरवर एका जातीची दिसतात. दोन्हींचा अर्थ हीन आहे, दोन्ही संकटाच्या भयातून आलेली आहेत, आणि कोशात ती एकाच शीर्षकाखाली येतील. परंतु धोंडू हे नाव ज्याच्यासाठी ठेवले त्याच मुलाला वाचवण्यासाठी आहे आणि नकुसा हे नाव दुसऱ्या एका, अद्याप न जन्मलेल्या, मुलासाठी आहे. धोंडू या शब्दाचा ऐकणारा यम आहे आणि त्याला फसवायचे आहे; नकुसा या शब्दाचा ऐकणारा देव आहे आणि त्याच्यापुढे गाऱ्हाणे मांडायचे आहे. फसवणुकीत आणि गाऱ्हाण्यात शब्द सारखे वापरता येतात, पण पहिल्यात बोलणाऱ्याचे मन शब्दाच्या उलट असते आणि दुसऱ्यात ते शब्दाबरोबर असते. जगभरच्या ज्या यादीवर गुरुजींचा भर होता ती यादी या कसोटीला लावली की दुभंगते. नेर्ग्वी आणि कोसोको एका बाजूला जातात. दुसऱ्या बाजूला जाते ते चिनी मुलीचे ‘झाओदी’, म्हणजे ‘धाकट्या भावाला बोलावणारी’, बंगालमधले ‘आन्नाकाली’, ज्यात ‘आणखी नको, कालीमाते’ ही विनवणी दडलेली आहे, हरियाणातले ‘भतेरी’, म्हणजे ‘पुष्कळ झाल्या’, आणि मराठी नकुसा. पहिल्या बाजूला मुलगे आणि मुली दोन्ही सापडतात. दुसऱ्या बाजूला मुलीच दाटलेल्या आहेत.

गुरुजी हे मान्य करूनही माघार घेत नाहीत. त्यांचे म्हणणे असे की गाऱ्हाणे जर देवाकडे होते तर ते मुलीला उद्देशून नव्हतेच, आणि जे तिला उद्देशून नाही त्याने तिचा अपमान कसा होईल? मॅडमना हा युक्तिवाद आवडतो, कारण तो त्यांच्याच कामाचा निघतो. कचेरीत रोज अर्ज येतात, आणि अर्ज ज्या कागदावर लिहिलेला असतो त्या कागदाला कोणी उद्देशून लिहीत नाही हे खरे आहे. “आईबापांनी वरच्या साहेबाकडे अर्ज केला की मुलगा मंजूर व्हावा, आणि कागद म्हणून ही पोर वापरली. भाऊ झाला असेल तर अर्ज निकाली निघाला, पण कागद अजून फिरतोच आहे.”

संवाद यानंतर पुष्कळ वेळ एकाच जागी अडकतो, आणि ती जागा पंढरपूरच्या वाटेवरच्या गावात अनपेक्षित म्हणता येणार नाही. गुरुजी वारकरी आहेत. नाममाहात्म्य, म्हणजे ईश्वराच्या नामातच तारण्याचे सामर्थ्य आहे हा सिद्धान्त, त्यांच्यासाठी श्रद्धेचा विषय आहे, आणि त्या सिद्धान्ताचे प्रसिद्ध उदाहरण भागवताच्या सहाव्या स्कंधातील अजामिळाची कथा आहे. आयुष्यभर दुराचार केलेल्या अजामिळाने मरणसमयी भयाने आपल्या धाकट्या मुलाला हाक मारली. मुलाचे नाव नारायण होते. त्या एका हाकेने विष्णुदूत धावून आले आणि यमदूतांना परत जावे लागले. मॅडमनी ही कथा गुरुजींच्याच कीर्तनात ऐकलेली आहे, आणि आता त्या ती परत करतात. अजामिळाच्या मनात देव नव्हता, पोरगा होता. रूढीने त्या शब्दाचा अर्थ ‘माझा मुलगा’ असा झाला होता, मिलच्या मताप्रमाणे तो शब्द फक्त त्या मुलाकडे बोट दाखवीत होता, आणि तरीही शब्दाचा मूळ अर्थ जागा झाला आणि फळला. “उच्चारणाऱ्याच्या मनात नसतानाही नारायण या नावाचा अर्थ जर काम करतो, तर नकुसा या नावाचा अर्थ कोणाच्या मनात नाही म्हणून तो निजून राहतो असे कसे म्हणता येईल? कीर्तनात नाव जागे आणि कचेरीत निजलेले, असे चालत नाही.”

गुरुजींची पहिली सारवासारव अशी की हे सामर्थ्य भगवंताच्या नामाचे आहे, सर्व नामांचे नव्हे. हे उत्तर श्रद्धेच्या दृष्टीने पुरेसे असले तरी वादाच्या दृष्टीने दुबळे आहे, कारण त्याने ‘नावाला अर्थ नसतो’ हा मूळ सिद्धान्त सुटतो आणि ‘काही नावांना असतो, काहींना नसतो’ एवढेच हाती उरते, आणि कोणत्या नावांना असतो हे ठरवण्याचा अधिकार पुन्हा गुरुजींकडेच राहतो. त्यांची दुसरी मांडणी अधिक प्रामाणिक आहे. अजामिळाच्या कथेत शब्दाने आपोआप काही केले नाही. तो कोणीतरी ऐकला, आणि ऐकणारा दयाळू असल्यामुळे त्याने त्यातला उत्तम अर्थ घेतला. सामर्थ्य शब्दात नसून ऐकण्यात आहे. तसे असेल तर नकुसा हा शब्द आज कोण ऐकतो? तिच्या मैत्रिणी, तिचा नवरा, शेजारी. आणि त्यांना त्या हाकेत नकार ऐकू येत नसून ती स्वतः ऐकू येते. वीस-पंचवीस वर्षे माणसांनी ज्या शब्दाने एखादीला जेवायला बोलावले, झोपेतून उठवले, तो शब्द त्या वापरानेच धुतला जातो. याला मॅडम एवढेच म्हणतात की ऐकणाऱ्यांच्या यादीत एक नाव राहून गेले, आणि सर्वांत जास्त वेळा ते तिनेच ऐकले आहे.

नवऱ्याचे नाव घेतल्याने त्याचे आयुष्य कमी होते अशा समजुतीने ज्या समाजात स्त्रिया ते नाव उखाण्यात गुंफूनच घेत, त्या समाजाने नाव ही निव्वळ खूण आहे असे ऐन वादाच्या वेळी म्हणावे, यावर दोघेही हसतात, आणि येथे वाद सुटण्याऐवजी नुसता सैल होतो.

हीन अर्थाच्या नावांमागे केवळ यमाचे भय होते असे मानणेही अपुरे आहे. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात ब्राह्मणाचे नाव मंगलसूचक, क्षत्रियाचे बलसूचक, वैश्याचे धनसूचक आणि शूद्राचे जुगुप्सित, म्हणजे किळस वाटेल असे, असावे हा नियम सांगितला आहे. त्याच ठिकाणी स्त्रीचे नाव उच्चाराला सोपे, कानाला गोड, मंगल आणि शेवटी दीर्घ स्वर असलेले असावे असेही म्हटले आहे, ज्यातली फक्त दीर्घ स्वराची अट नकुसा या नावाने पाळली. म्हणून गावोगावच्या सगळ्या कचरूंचे आणि धोंडूंचे श्रेय यमाला देता येत नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९५६ मध्ये नागपूरला धम्मदीक्षा दिल्यानंतर ज्या वस्त्यांत गौतम, सिद्धार्थ, राहुल, सुजाता, यशोधरा ही नावे घरोघर आली, तेथील लोकांनी नावाला अर्थ नसतो हे तत्त्वज्ञान ऐकून घेतले नसते. नावाला अर्थ नसतो असे म्हणणे बहुधा त्यालाच परवडते ज्याच्या नावाचा अर्थ चांगला आहे. मॅडम हे वाक्य उच्चारत नाहीत, पण गुरुजींना ते ऐकू आल्यासारखे दिसते, कारण ते आपण होऊन ‘बलुतं’कडे वळतात.

दया पवार यांच्या १९७८ साली प्रसिद्ध झालेल्या या आत्मकथनाची रचना दगडू मारुती पवार आणि दया पवार या एकाच माणसाच्या दोन नावांमधील संवादातून उभी राहते. नावारूपाला आलेला लेखक जुन्या नावाच्या माणसाला समोर बसवतो आणि त्याला बोलू देतो. गुरुजींना यातून असे दाखवायचे आहे की जुने नाव पुसून टाकले असते तर बोलणारा उरला नसता. नाव अपमानाचे असले तरी अपमान झाला होता याचा तो पुरावा आहे, आणि पुरावा नष्ट करणे हे अपमान करणाऱ्याच्याच सोयीचे असते. “तिचे नाव आज सुंदर केले,” ते म्हणतात, “तर ज्यांनी ते ठेवले त्यांचा गुन्हाही सुंदर होईल. बारशाला कानात ‘कुर्र’ करून हे नाव सांगणारी आत्या सुटली, आजा सुटला. कागदावर कोणीच कोणाला नको म्हटलेले राहणार नाही.”

संपूर्ण संवादात गुरुजींचे हे सर्वांत बळकट वाक्य आहे, आणि मॅडमना त्यावर तत्काळ उत्तर सुचत नाही. काही वेळाने त्या म्हणतात की दगडूला पुढे आणायचे हे दया पवारांनी स्वतः ठरवले. पुरावा जपायचा असेल तर तो जपण्याचा निर्णय ज्याच्या अंगावर तो पुरावा आहे त्याचा असला पाहिजे. गावाच्या इतिहासाचे दप्तर एका बाईच्या अंगावर का बांधावे?

तसे असेल, तर तिचा निर्णय कोणता? आणि येथे प्रश्न तत्त्वज्ञानातून निसटून भलतीकडे जातो, कारण स्त्रीचे नाव बदलणे या गोष्टीला महाराष्ट्रात कधीच राजपत्र लागलेले नाही. लग्नात ताटातील तांदळांवर नवरा अंगठीने नवे नाव लिहितो आणि माहेरचे नाव त्या क्षणी मागे पडते. या लेकीचेही सासरी पूजा असे नाव ठेवले गेले, पण कागदपत्रे कोणी बदलली नाहीत. गुरुजी विचारतात की पहिले नाव आज्याने ठेवले, दुसरे सासरच्यांनी, आता तिसरे ग्रामपंचायतीने सुचवावे आणि तिने त्यावर सही करावी, यात तिची सुटका नेमकी कोठे आहे? साताऱ्याच्या समारंभावरही त्यांचा हाच आक्षेप आहे. मॅडम तो खोडून काढतात, कारण त्या वेळच्या बातम्यांनुसार काही मुलींनी आपली नवी नावे स्वतः निवडली होती, कोणी नटीचे, कोणी देवीचे, कोणी नुसते गोड अर्थाचे. आणि शाळकरी मुलीने स्वतःसाठी नटीचे नाव निवडावे यात हसण्यासारखे काही असेल तर ते हसणाऱ्याने आपल्याकडे ठेवावे. शिवाय, त्या पुढे म्हणतात, ज्या पिढीच्या शिक्षकांनी जन्मतारीख ठाऊक नाही म्हणून शेकडो मुलांना सरसकट १ जून ही तारीख देऊन टाकली, त्या पिढीने रजिस्टरातील नोंदीच्या पावित्र्याविषयी इतके हळवे होऊ नये. त्या दिवशी रजिस्टरात नकुसाऐवजी दुसरे काही लिहिले असते तर कोणी विचारायला आले नसते. गुरुजी यावर काही बोलत नाहीत.

यानंतर जो मुद्दा निघतो तो दोघांपैकी कोणाच्याच पक्षात नीट बसत नाही. लेकीच्या वडिलांच्या निधनानंतर वारसनोंदीचा फेरफार झाला, तेव्हा जमीन भावांच्या नावे लागली आणि बहिणींची नावे सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ या रकान्यात गेली, जसे या भागात पुष्कळ घरी होते. हिंदू उत्तराधिकार कायद्यातील २००५ च्या दुरुस्तीनंतर वडिलोपार्जित मिळकतीत मुलीचा वाटा मुलाइतकाच आहे. म्हणून भावांना जमीन मोकळी करून हवी असेल तर बहिणीकडून हक्कसोडपत्रावर सही घ्यावी लागते, आणि अजून ती सही झालेली नाही. म्हणजे नकुसा हे नाव आज ज्या कागदावर सर्वांत ठळकपणे उपयोगी पडते आहे तो कागद सातबारा आहे. जिच्या नावाने ‘हिचा वाटा नको’ असे देवाला कळवले होते, तिच्या त्याच नावापाशी येऊन भावांचे काम अडते. नाव बदलले तर हक्क जात नाही, राजपत्राची प्रत जोडून जुनी नोंद नव्या नावाशी जुळवता येते, हे मॅडमना पक्के ठाऊक आहे. पण दोन नावांतला तो एक सांधा दाखवून कोणी वाद उकरून काढू शकतो हेही त्यांना तितकेच ठाऊक आहे, आणि नाव बदलण्याची घाई सर्वांत जास्त भावालाच आहे, ही गोष्ट त्या पहिल्यांदा मोठ्याने बोलतात. आतापर्यंत नाव बदलण्याच्या बाजूने बोलणाऱ्या मॅडम या माहितीनंतर आपल्याच पक्षाकडे जरा संशयाने पाहू लागतात. गुरुजींना मात्र यात विजय वाटत नाही. नाव ही केवळ खूण आहे हा त्यांचा सिद्धान्त या ठिकाणी पूर्ण खरा ठरतो, कारण सातबाऱ्यावर अर्थ कोणी वाचत नाही. आणि तो खरा ठरतो तो जमिनीच्या कागदावर, माणसाच्या बाबतीत नव्हे.

तिला विचारले होते काय, असा प्रश्न शेवटी गुरुजी करतात. विचारले होते. अर्ज देताना ती म्हणाली, “जे आहे ते लिहा.” गुरुजी याचा अर्थ असा लावतात की तिने नाव स्वीकारले आहे. मॅडमना त्यात थकवा ऐकू येतो, कारण कचेरीत सासू बरोबर असताना, बाळ मांडीवर असताना आणि मागे रांग असताना कोणतीही बाई हेच म्हणेल. तिसरा अर्थही संभवतो, आणि तो दोघांनाही सुचलेला नाही असे नाही: ज्याने नाव ठेवले त्याच्या घराण्यातील पुढच्या पोराने ते आयुष्यभर आपल्या नावात बाळगावे, असे तिला वाटत असेल. चार शब्दांचे वाक्य, त्याचे तीन अर्थ, आणि त्यांतला कोणता रूढ व कोणता यौगिक हे ठरवायला पतंजलीचा उपयोग नाही.

जन्माची नोंद २१ दिवसांच्या आत विनाशुल्क होते आणि त्यांतले बरेच दिवस गेले आहेत. तिला पुन्हा एकदा, एकटीला, बोलावून विचारावे असे मॅडम ठरवतात, आणि गुरुजी त्याला हरकत घेत नाहीत, फक्त त्या वेळी आपण तेथे नसावे असे म्हणतात. अर्ज तोवर टेबलावर राहतो. बारसे अजून झालेले नसल्याने बाळाच्या नावाची जागा रिकामी आहे, आणि १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियमाच्या १४ व्या कलमानुसार ती रिकामी ठेवून नोंद करता येते, नाव मागाहून भरता येते. आईच्या नावाच्या रकान्याला ती सवलत नाही.